सार्वजनिक विद्यापीठांतील सेवानिवृत्ती लाभांच्या प्रदानातील विलंब

सार्वजनिक विद्यापीठांच्या शिक्षक व शिक्षकेतर कर्मचाऱ्यांना सेवानिवृत्तीनंतर देय असलेल्या रकमा विहित मुदतीत न मिळणे, हा भारतातील उच्च शिक्षण प्रशासनातील एक प्रश्न आहे. या रकमा म्हणजे मालकाने स्वेच्छेने दिलेली देणगी नसून कर्मचाऱ्याचा हक्क आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने वेळोवेळी स्पष्ट केले आहे.

लाभांचे स्वरूप
सेवानिवृत्ती लाभांमध्ये मासिक निवृत्तिवेतन, उपदान (ग्रॅच्युइटी), निवृत्तिवेतनाच्या अंशराशीकरणाची रक्कम, शिल्लक अर्जित रजेचे रोखीकरण आणि भविष्य निर्वाह निधी यांचा समावेश होतो. कर्मचाऱ्याच्या मृत्यूनंतर पात्र वारसास कुटुंब निवृत्तिवेतन मिळते.

विलंबाची कारणे
महाराष्ट्रातील अकृषी विद्यापीठे व अनुदानित महाविद्यालयांच्या पात्र कर्मचाऱ्यांना महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९८२ मधील तरतुदी शासन निर्णयांद्वारे लागू झाल्या. या नियमांनुसार निवृत्तिवेतनाची कागदपत्रे तयार करण्याचे काम सेवानिवृत्तीच्या २ वर्षे आधी सुरू होणे अपेक्षित आहे. प्रत्यक्षात सेवापुस्तकातील अपूर्ण नोंदी, वेतननिश्चितीची प्रलंबित पडताळणी, आधीच्या संस्थेतील सेवा जोडण्यातील अडचणी आणि ना-देय प्रमाणपत्र मिळण्यास लागणारा वेळ यांमुळे प्रकरण रखडते. बहुतेक नोंदी ठेवण्याची जबाबदारी संस्थेची असली, तरी त्रुटींची झळ कर्मचाऱ्याला बसते. विद्यापीठाला स्वतःच्या निधीतून निवृत्तिवेतन द्यावे लागत असल्यास किंवा शासकीय अनुदान वेळेवर न आल्यास मंजूर रकमाही थकतात.

विभागीय किंवा न्यायालयीन कार्यवाही प्रलंबित असल्यास तात्पुरते निवृत्तिवेतन देऊन उपदान रोखण्याची तरतूद नियमांत आहे. हा नियमाधारित अपवाद प्रशासकीय दिरंगाईहून वेगळा ठरतो.

कायदेशीर तरतुदी
उपदान प्रदान अधिनियम, १९७२ नुसार उपदान देय झाल्यापासून ३० दिवसांत देणे मालकावर बंधनकारक करण्यात आले. विलंबास कर्मचारी जबाबदार नसल्यास व्याजाचीही तरतूद होती. शिक्षक या अधिनियमाच्या व्याख्येत बसत नाहीत, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने २००४ मध्ये दिला. त्यानंतर २००९ च्या दुरुस्तीने शिक्षकांचा ३ एप्रिल १९९७ पासून पूर्वलक्षी प्रभावाने समावेश करण्यात आला. ही दुरुस्ती २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने वैध ठरवली. सामाजिक सुरक्षा संहिता, २०२० मध्येही ३० दिवसांची मुदत कायम आहे. महाराष्ट्राच्या निवृत्तिवेतन नियमांतही विलंबित उपदान व निवृत्तिवेतनावर व्याजाची तरतूद आहे.

महत्त्वाचे न्यायनिर्णय
* देवकीनंदन प्रसाद विरुद्ध बिहार राज्य (१९७१): निवृत्तिवेतन हा मालमत्तेचा हक्क असून तो शासनाच्या मर्जीवर अवलंबून नाही.
* केरळ राज्य विरुद्ध एम. पद्मनाभन नायर (१९८४): अंतिम वेतन प्रमाणपत्राअभावी २ वर्षांहून अधिक काळ रक्कम अडकली होती. दोषपूर्ण विलंबासाठी बाजारातील प्रचलित दराने व्याज द्यावे, असे न्यायालयाने म्हटले.
* एस. के. दुआ विरुद्ध हरियाणा राज्य (२००८): व्याजाचा नियम नसला, तरी संविधानाच्या अनुच्छेद १४, १९ व २१ च्या आधारे व्याज मागता येते.
* झारखंड राज्य विरुद्ध जितेंद्रकुमार श्रीवास्तव (२०१३): निवृत्तिवेतन व उपदान अनुच्छेद ३००अ खालील मालमत्ता असून केवळ प्रशासकीय सूचनेच्या आधारे ते रोखता येत नाही.
* पंजाब राज्य विरुद्ध रफिक मसीह (२०१४): निवृत्त किंवा वर्षभरात निवृत्त होणाऱ्या कर्मचाऱ्यांकडून चुकीने दिलेल्या जादा वेतनाची वसुली सामान्यतः करता येत नाही.

परिणाम
नियमित वेतन थांबल्यानंतर औषधोपचार, घरकर्जाचे हप्ते व मुलांचे शिक्षण यांचा भार बचतीवर पडतो. व्याजाची तरतूद असूनही अनेकदा ते आपोआप दिले जात नाही. त्यासाठी स्वतंत्र अर्ज किंवा उच्च न्यायालयात रिट याचिका करावी लागते. या काळात कर्मचाऱ्याचा मृत्यू झाल्यास पाठपुराव्याचे काम वारसांवर येते. व्याजाचा बोजा अखेरीस सार्वजनिक निधीवर पडत असल्याने, विलंबास जबाबदार अधिकाऱ्याकडून ती रक्कम वसूल करण्याचे निर्देशही काही प्रकरणांत न्यायालयांनी दिले आहेत.