कुटुंब गावी, शेजार मुंबईत

इमारतीतल्या शेजारात जुळणारं प्रेम हा वेब मालिकांचा हुकमी विषय, आणि ‘चाळीत माया होती, फ्लॅटनं ती घालवली’ ही हळहळही ठरलेली. महाड-पोलादपूरच्या बाजूनं पाहिलं तर ती अर्धीच खरी ठरते. तुडीलसारख्या खाडीपट्ट्यातल्या किंवा पोलादपूरच्या डोंगरातल्या गावांतून मुंबईला गेलेल्या गड्यांना शेजार मिळाला, संसार नाही. 1921 साली मुंबईत हजार पुरुषांमागे स्त्रिया होत्या जेमतेम सव्वापाचशे. चाकरमान्यांच्या बायका भातशेती, सासू-सासरे आणि मनीऑर्डरचा हिशेब सांभाळत गावीच राहिल्या. तिकडे मुंबईत गावकीच्या, म्हणजे एकाच गावच्या गड्यांच्या सामाईक खोलीत भिंतीला ट्रंका, दोरीवर कपडे. दिवसपाळीवाला गिरणीत गेला की त्याच जागेवर रातपाळीवाला पथारी टाकी. जेवण खाणावळीत. नवरा-बायकोची भेट गणपतीला, शिमग्याला, नाहीतर मे महिन्यात. नोकरी लावणं, आजारपण काढणं, मयताचा खर्च उचलणं हे सगळं गावकी करी. त्यात माया होतीच. पण ती पगार, जागा आणि विमा यांची उणीव भरून काढणारी माया होती.

कुणी म्हणेल, 1958 सालच्या ‘बटाट्याची चाळ’मध्ये तर घरोघरी कुटुंबं आहेत. आहेत, पण तो पांढरपेशांचा शेजार. गिरणगावातल्या एकट्या गड्यांना तो लागू करता येत नाही. शिवाय कुटुंब सोबत असलं म्हणून प्रेमाला जागा मिळतेच असं कुठे? बीडीडी चाळीतली खोली सुमारे 160 चौरस फुटांची, संडास सार्वजनिक. राजा ठाकूरांच्या ‘मुंबईचा जावई’ (1970) या चित्रपटात नव्या जोडप्याची सगळी ओढाताण एकांतासाठीच आहे, आणि पुढे बासू चटर्जींनी त्यावरूनच ‘पिया का घर’ केला. म्हणजे चाळीतल्या प्रेमकथेलाही हवं होतं ते बंद होणारं दार! 2019 च्या ‘आणि काय हवं’ या वेब मालिकेतल्या नवरा-बायकोला ते मिळालेलं आहे, म्हणून त्यांचे रुसवेफुगवे मालिकेला पुरतात.

दार बंद झालं की शेजार संपतो, हा आक्षेपही टिकत नाही. आता महाडातही फ्लॅट आहेत. 24 ऑगस्ट 2020 ला तिथली पाचमजली तारिक गार्डन कोसळून 16 जण गेले, तेव्हा ढिगाऱ्याकडे आधी धावले ते आजूबाजूचेच लोक. जुन्या चाळीवर मालिका काढणाऱ्यांनी एवढंच करावं: गॅलरीतल्या नजरानजरेइतकाच वेळ मनीऑर्डरची वाट पाहणाऱ्या गावच्या बाईलाही द्यावा.