सही कुणाची, खुर्ची कुणाची

मोर्चा निघायचा असला की आदल्या रात्री कुणाच्या तरी खोलीवर निवेदन लिहायला बसतात. पहिली ओळ ठरलेली. मा. राष्ट्रपती महोदय. दुसऱ्या दिवशी ते कलेक्टरच्या हातात द्यायचं, फोटो काढायचा, घरी यायचं. सहा महिन्यांनी कुणीतरी विचारतो, काय झालं रे त्याचं? काही झालेलं नसतं. कारण आपल्या घटनेत राष्ट्रपतीच्या स्वतःच्या हातात द्यायला फारसं काही ठेवलेलंच नाही. आणि ते ठेवायचं नाही हे घटना समितीत उभं राहून ज्यांनी समजावून सांगितलं, ते आपलेच बाबासाहेब. जयंतीला ‘घटनेचे शिल्पकार’ म्हणून घसा बसवायचा आणि घटनेतली कुठली खुर्ची काय करते ते ठाऊक नाही, हे आपलं चालतं. निवेदन चुकीच्या दारात नेऊन टाकलं की खरं दार बंदच राहतं, आणि आतला माणूस निवांत झोपतो.

४ नोव्हेंबर १९४८ ला घटनेचा मसुदा मांडताना बाबासाहेबांनी अमेरिकेची आणि इंग्लंडची पद्धत शेजारी शेजारी ठेवली. अमेरिकेत राष्ट्राध्यक्षच राज्य करतो. त्याची मुदत ठरलेली. विश्वास उडाला एवढ्यावर तिथलं विधिमंडळ त्याला घरी पाठवू शकत नाही. इंग्लंडात राजा नावाला, कारभार पंतप्रधानाचा, आणि पार्लमेंटने हात काढून घेतला की पंतप्रधान रस्त्यावर. बाबासाहेब म्हणाले ते थोडक्यात असं : एका पद्धतीत स्थैर्य जास्त, दुसरीत जबाबदारी जास्त, आणि दोन्ही सारखीच पुरेपूर मिळत नाहीत. मसुद्याने जबाबदारीला पसंती दिली. निवडणुकीत मतदार जाब विचारीलच, पण मधल्या काळात सभागृहात प्रश्न, ठराव, अविश्वास यांनी रोजच्या रोज जाब विचारता यावा. ज्या समाजाला हजारो वर्षं कुणी जाब दिला नव्हता, त्या समाजातल्या माणसाने या पद्धतीची वकिली केली, हे विसरू नका.

त्याच वर्षी ३० डिसेंबरला मंत्रिमंडळाची चर्चा निघाली. सगळे मंत्री मिळून एक, एकाच्या निर्णयाला सगळे बांधलेले, ही सामुदायिक जबाबदारी आणायची कशी? बाबासाहेबांचं उत्तर : पंतप्रधानाच्या हातून. त्याच्या शिफारशीशिवाय कुणी मंत्री होणार नाही, आणि त्याने नको म्हटलं की कुणी मंत्री राहणार नाही. कमानीच्या माथ्यावर एक दगड असतो, तो काढला की कमान खाली येते. मंत्रिमंडळात तो दगड म्हणजे पंतप्रधान, असं त्यांचं सांगणं. घटनेच्या ७४ आणि ७५ कलमांत हेच आलं. पंतप्रधान मंत्रिमंडळाचा प्रमुख, बाकीचे मंत्री त्याच्या सल्ल्याने, आणि सगळं मंत्रिमंडळ लोकसभेला जबाबदार.

आता १९५१ चा सप्टेंबर बघा. ज्याने हा दगड बसवला त्याच्याच डोक्यात तो पडला.

हिंदू कोड बिल ११ एप्रिल १९४७ पासून सभागृहात होतं. बायकोला घटस्फोटाचा हक्क, मुलीला बापाच्या इस्टेटीत हिस्सा, आंतरजातीय लग्नाला मान्यता. जात टिकते ती लग्नाच्या बेडीवर, आणि बाबासाहेब त्या बेडीलाच हात घालत होते. बिलाच्या बाजूने पंतप्रधान नेहरूही होते, आणि या बिलावर सरकार पणाला लावल्याची भाषा त्यांनीच केली होती. पण काँग्रेसमधले जुनाट धार्मिक लोक खवळलेले. १० ऑगस्ट १९५१ ला बाबासाहेबांनी नेहरूंना पत्र लिहिलं. माझी प्रकृती बरी नाही, बिल लवकर घ्या.

१५ सप्टेंबरला राष्ट्रपती राजेंद्रप्रसादांनी नेहरूंना कळवलं, की या बिलाबाबत आपण आपल्या बुद्धीने निर्णय घेऊ इच्छितो. म्हणजे पार्लमेंटने पास केलं तरी सही करायची की नाही ते मी बघीन. ७४ व्या कलमात तेव्हा मंत्रिमंडळाने राष्ट्रपतीला सल्ला द्यावा एवढंच होतं. तो सल्ला मानलाच पाहिजे असं शब्दांत नव्हतं. त्या फटीत राजेंद्रबाबूंनी पाय घातला. नेहरूंनी अॅटर्नी जनरल सेटलवाड आणि अल्लादी कृष्णस्वामी अय्यर यांना विचारलं. दोघांचंही मत एकच : राष्ट्रपती इंग्लंडच्या राजासारखा आहे, मंत्रिमंडळाचा सल्ला त्याला बांधून आहे. राजेंद्रबाबू गप्प बसले. प्रजासत्ताकाला दोन वर्षंसुद्धा झाली नव्हती, आणि देशाची सत्ता कुठल्या खुर्चीत आहे याचा निकाल लागला. तोही बाबासाहेबांच्याच बिलावरून लागला, ही गोष्ट शाळेच्या पुस्तकात कुणी सांगत नाही.

म्हणजे राष्ट्रपतीचा अडथळा गेला. सभागृहात काँग्रेसचं प्रचंड बहुमत. पंतप्रधान बिलाच्या बाजूचे. मग अडलं कुठं?

१७ सप्टेंबरला बिल चर्चेला आलं. सगळं नव्हे, लग्न आणि घटस्फोटाचा भाग तेवढा. वारसा मागे ठेवला. व्हिप काढला नाही. काँग्रेसच्या सभासदांना मोकळं सोडलं, बोला काय बोलायचं ते, द्या मत कुठं द्यायचं तिथं. त्यांनी बोलून बोलून दिवस घालवले. चार कलमं पास झाली. मग पंतप्रधान म्हणाले, वेळ नाही, सोडून देऊ. पुढ्यात पहिली सार्वत्रिक निवडणूक होती, एवढं सांगितलं की वेळ का नव्हता ते कळतं. २७ सप्टेंबरला बाबासाहेबांनी राजीनामा दिला.

ऑक्टोबरात सभागृहात निवेदन करायला ते उठले, तर उपाध्यक्षांनी आधी प्रत मागितली. बाबासाहेब सभागृहातून निघून गेले आणि निवेदन वर्तमानपत्रांना दिलं. ते निवेदन प्रत्येक कार्यकर्त्याने एकदा तरी मुळातून वाचावं. त्यात रडगाणं नाही, एक मंत्री पंतप्रधानाच्या खुर्चीची तपासणी करतोय. नियोजन खातं देऊ म्हणाले, दिलं नाही. परराष्ट्र, संरक्षण अशा कुठल्याही महत्त्वाच्या समितीवर घेतलं नाही. मंत्रिमंडळ म्हणजे समित्यांनी आधीच ठरवलेल्या गोष्टींची नोंद करणारी कचेरी झाली आहे. अनुसूचित जातींवरच्या जुलमाकडे लक्ष नाही. आणि बिलाबद्दल : पंतप्रधानांचा हेतू खरा होता, पण ते तडीस नेण्याची कळकळ आणि निर्धार नव्हता.

हेतू आणि निर्धार यांतला हा फरक माझ्या डोक्यातून जात नाही. नेहरू खोटे होते असं बाबासाहेब म्हणत नाहीत. ज्या माणसाने त्याच महिन्यात राष्ट्रपतीला जागेवर बसवलं, तो स्वतःच्या पक्षाला साधा आदेश काढत नाही, एवढंच ते दाखवतात. खुर्चीला ताकद होती. ती कुणासाठी वापरायची आणि कुणासाठी जपून ठेवायची, हे खुर्चीवरचा ठरवत होता.

नेहरूंची बाजू घेणारे म्हणतात, निवडणूक जिंकून त्यांनी १९५५ आणि १९५६ मध्ये तेच कायदे तुकड्या-तुकड्यांनी केले की. केले. हे नाकारण्यात अर्थ नाही. पण ज्याने रात्री जागून ते बिल लिहिलं तो १९५२ मध्ये मुंबईत काँग्रेसच्या उमेदवाराकडून पडला होता, आणि दत्तक व पोटगीचा शेवटचा तुकडा २१ डिसेंबर १९५६ ला कायदा झाला तेव्हा त्याला जाऊन पंधरा दिवस झाले होते.

याच्या उलटही होतं. २५ जून १९७५ च्या रात्री आणीबाणीच्या कागदावर राष्ट्रपती फक्रुद्दीन अली अहमद यांनी सही केली ती पंतप्रधान इंदिरा गांधींच्या एकटीच्या सल्ल्यावर. मंत्रिमंडळाला सकाळी उठवून सांगितलं. कमानीचा दगड राहिला, कमान गेली. मग १९७६ च्या दुरुस्तीने राष्ट्रपतीला सल्ल्याने बांधल्याचं शब्दांत लिहिलं, आणि १९७८ च्या दुरुस्तीने आणीबाणीसाठी मंत्रिमंडळाचा निर्णय लेखी आल्याशिवाय सही नको, असं घातलं. राजकारणातली भक्ती हुकूमशाहीकडे नेते, हे बाबासाहेबांनी २५ नोव्हेंबर १९४९ ला सांगून ठेवलं होतं. आपल्या चळवळीतल्या कटआऊटवाल्यांनी हे स्वतःवरही लावून बघावं.

आणि १९९०. विश्वनाथ प्रताप सिंगांचं सरकार अकरा महिन्यांचं, दोन्ही बाजूंनी बाहेरच्या टेकूवर उभं. १९५६ ला बौद्ध झालेल्या आपल्या लोकांच्या केंद्रातल्या सवलती चौतीस वर्षं अडकल्या होत्या. चारशेच्या वर खासदार असलेल्या पंतप्रधानालाही त्या सोडवाव्या वाटल्या नव्हत्या. त्या या पडक्या सरकारने दिल्या. १९८० पासून धूळ खात पडलेला मंडल अहवाल ७ ऑगस्टला बाहेर काढला. लगेच त्यांची आरती ओवाळू नका. आठवड्यापूर्वीच त्यांनी देवीलालना मंत्रिमंडळातून काढलं होतं आणि स्वतःची माणसं जमवायची त्यांनाही गरज होती. पण बहुमत मोठं म्हणजे काम मोठं, हा हिशेब तिथं चुकला. ७ नोव्हेंबरला लोकसभेने त्यांना घरी पाठवलं. ते पद्धतीप्रमाणेच झालं.

राज्यात हीच खुर्ची मुख्यमंत्र्याची. राज्यपालाच्या नावाने हुकूम निघतात, चालवतो मुख्यमंत्री. २७ जुलै १९७८ ला महाराष्ट्राच्या दोन्ही सभागृहांनी मराठवाडा विद्यापीठाला बाबासाहेबांचं नाव देण्याचा ठराव केला. मुख्यमंत्री शरद पवार. सभागृहाने सांगितलेलं होतं, बहुमताचा प्रश्नच नव्हता. मराठवाड्यात आमच्या वस्त्या पेटल्या, पोचीराम कांबळे मारले गेले, आणि ठराव कपाटात गेला. मग कितीतरी मुख्यमंत्री आले, प्रत्येकाने योग्य वेळी बघू म्हटलं, आणि आमचे लोक तुरुंगात जात राहिले, लाँग मार्च काढत राहिले. खुर्चीवर पुन्हा पवारच आले. नोव्हेंबर १९९३ मध्ये नांदेडला गौतम वाघमारेने स्वतःला पेटवून घेतलं. १४ जानेवारी १९९४ ला नामविस्तार जाहीर झाला.