दुय्यम भूमिकांची मानकरी

इतिहास राजांचा लिहावा कीं प्रजेचा, हा वाद आमच्या विद्वानांत पुष्कळ रंगला. पण कलेचा इतिहास लिहितांना आपण अद्याप राजवाड्याबाहेर पडत नाहीं. बोलपट म्हटला कीं नायिका आठवते. तिची पालखी ज्यांच्या खांद्यावर चालते त्या भोयांचीं नांवें कोण विचारतो? अमेरिकन बोलपटसृष्टींतील अशाच एका नटीची, थेल्मा रिटर हिची, कारकीर्द येथें वाचकांपुढें ठेवावयाची आहे.

थेल्माचा जन्म न्यूयॉर्क शहराच्या ब्रुकलिन भागांत १४ फेब्रुवारी १९०२ रोजीं झाला. नाट्यकलेचें रीतसर शिक्षण घेऊन ती रंगभूमीवर आली. १९२७ सालीं जोसेफ मोरन ह्यांच्याशीं तिचा विवाह झाला, आणि पुढें दोन मुलांच्या संगोपनासाठीं तिनें रंगभूमीचा निरोप घेतला. कांहीं वर्षांनीं ती रेडिओवरील नाटिकांतून कामें करूं लागली. बोलपटांत तिचा प्रवेश झाला तो १९४७ सालीं, वयाच्या ४५ व्या वर्षीं. ज्या वयांत रूपावर जगणाऱ्या नट्या पडद्याआड जाऊं लागतात, त्या वयांत ही पडद्यावर आली! 'मिरॅकल ऑन थर्टीफोर्थ स्ट्रीट' ह्या चित्रपटांत मुलाचें खेळणें शोधून दमलेली एक आई, एवढेंच तिचें काम. नामावलींत तिचें नांवहि नाहीं. परंतु तें काम ट्वेंटिएथ सेंचुरी फॉक्स कंपनीच्या चालकांच्या नजरेंत भरलें, आणि लवकरच ती त्या कंपनीची करारबद्ध नटी झाली.

'ऑल अबाउट ईव्ह' (१९५०) ह्या चित्रपटांत ती बेटी डेव्हिसनें रंगविलेल्या विख्यात नटीची दासी झाली. हिचकॉकच्या 'रिअर विंडो'मध्यें (१९५४) पाय मोडून खुर्चीला खिळलेल्या जेम्स स्टुअर्टची परिचारिका झाली. घोगरा आवाज आणि ब्रुकलिनचे हेल हेंच तिचें भांडवल. सॅम्युअल फुलरच्या 'पिकअप ऑन साउथ स्ट्रीट'मध्यें (१९५३) ती नेकटाय विकतां विकतां पोलिसांना खबरा पुरविणारी वृद्धा आहे. बेवारशी प्रेतांच्या रांगेंत आपण पुरलें जाऊं नये म्हणून ती पैसे सांठविते. खबर विकून पोट भरणारी ही बाई एका पाकिटमाराचा पत्ता मात्र शत्रूच्या हस्तकास सांगत नाहीं. आपण आतां फार थकलों आहों, असें ती त्या पिस्तुलधाऱ्यास सांगते, तेव्हां तिच्या आवाजांत भीति नसते. दिवसभर वणवण करून घरीं आलेल्या बाईचा शीण असतो.

दुय्यम भूमिकांसाठीं ऑस्कर पारितोषिकें सुरू झालीं तीं १९३६ सालच्या चित्रपटांपासून. आरंभीं तेथेंहि पंक्तिप्रपंच होता : नायक-नायिकांस सुवर्णपुतळी, तर दुय्यम नटांस केवळ एक पट्टिका. हा भेद १९४३ सालच्या पारितोषिकांपासून मिटला. थेल्माचें नांव ह्या पारितोषिकासाठीं १९५० ते १९५३ ह्या सलग चार वर्षांच्या चित्रपटांसाठीं, व पुढें १९५९ आणि १९६२ च्या चित्रपटांसाठीं, असें सहा वेळां पुढें आलें. पुतळी एकदांहि तिच्या हातीं पडली नाहीं.

पण ह्याहून बोलका प्रसंग टेलिव्हिजनचा आहे. १९५५ सालीं पॅडी चायेफ्स्की ह्यांचें 'द केटर्ड अफेअर' हें नाटक न्यूयॉर्कहून प्रक्षेपित झालें. नवऱ्यानें स्वतःची टॅक्सी घेण्यासाठीं जमविलेली पुंजी मुलीच्या लग्नाच्या थाटावर खर्चूं पाहणारी आई, ही त्यांतली मध्यवर्ती भूमिका थेल्माची होती. ही व्यथा मराठी घरांना परकी वाटूं नये. ह्या कामासाठीं एमी पारितोषिकाकरितां तिचें नांव सुचविलें गेलें. पुढच्याच वर्षीं त्या नाटकाचा चित्रपट झाला, आणि आईची भूमिका मिळाली बेटी डेव्हिसला! पडद्यावरील मालकिणीनें दासीचें घर घेतलें, असेंच म्हणावयाचें.

ह्यांत बेटी डेव्हिसला दोष देणें अन्यायाचें होईल. ती थोर नटी होती, आणि जाहिरातींतील नांवावर तिकिटें खपतात हा धंद्याचा हिशेबहि खोटा नाहीं. परंतु मग 'दुय्यम' हा शब्द गुणांचें माप नसून बाजारांतला भाव आहे, हें तरी आपण मान्य करावें. जेथें भाव निराळा होता तेथें निकालहि निराळा लागला. 'न्यू गर्ल इन टाउन' ह्या संगीतिकेंतील कामाबद्दल १९५८ सालीं प्रमुख नटीचें टोनी पारितोषिक ग्वेन व्हर्डन हिच्यासह थेल्मालाहि विभागून मिळालें.

५ फेब्रुवारी १९६९ रोजीं न्यूयॉर्क येथें ती निवर्तली. 'ऑल अबाउट ईव्ह'मधील तिची दासी गोड बोलून घरांत शिरलेल्या ईव्हचें कपट सर्वांआधीं ओळखते, आणि कथेच्या मध्यावर कोठें नाहींशी होते. कथेंतील कोणी तिची चौकशी करीत नाहीं. चित्रपट संपल्यावर घरीं परततांना प्रेक्षक मात्र एकमेकांस विचारतो कीं, ती बाई कोठें गेली?