हिंदूंचा पहिला डाव

इ. स. १९०६ च्या फेब्रुवारींत मुंबईस बाँबे जिमखान्याच्या मैदानावर हिंदूंचा क्रिकेट-संघ युरोपियनांविरुद्ध उतरला. पारशी आणि युरोपियन यांचे वार्षिक सामने १८९२ पासून चालूच होते. हिंदूंना साहेबाच्या तोलाचे गडी म्हणून उभें राहण्याची संधि आतां मिळाली.

परंतु ‘हिंदूंचा संघ’ म्हणतांना त्यांत कोणाला घ्यावयाचें, हा प्रश्न सामन्याहून अवघड होता. डावखुरा फिरकी गोलंदाज बाळू पाळवणकर आणि त्याचा बंधु शिवराम हे चर्मकार समाजांतील. पुण्यास इंग्रजांच्या क्लबांत दरमहा चार रुपयांवर राबतांना बाळूनें कॅप्टन ग्रेगसारख्या फलंदाजापुढें तासन्‌तास चेंडू टाकून हात तयार केला. फलंदाजी मात्र त्याच्या वांट्यास क्वचितच येई. ती साहेबांची मिरास! पुढें पुण्याच्या हिंदु क्लबानें त्याला खेळावयास घेतलें, तरी चहाच्या वेळीं तो पॅव्हिलियनबाहेर मातीच्या भांड्यांतून पीत असे आणि त्याचें पानहि वेगळें मांडलें जाई. त्याच्या हातचा चेंडू सवर्ण गडी खुशाल झेलीत. विटाळ काय तो चहाच्या पेल्यालाच होत असावा. मुंबईच्या हिंदु जिमखान्यानें हा निर्बंध सैल केला आणि दोघे बंधु इतरांच्या पंक्तीस बसूं लागले.

सामना चुरशीचा झाला. हिंदूंनीं प्रथम २४२ धावा केल्या. युरोपियन १९१ वर आटोपले. दुसऱ्या डावांत हिंदूंच्या १६० झाल्या. विजयास २१२ हव्या असतां युरोपियनांचा डाव १०२ धावांतच कोसळला. हिंदूंनीं सामना १०९ धावांनीं जिंकला. ‘इंडियन सोशल रिफॉर्मर’ पत्रानें या जयांत जुन्या रूढींपासून मुक्त होण्याची एक पायरी पाहिली; खेळापेक्षां पंक्तीचें महत्त्व त्या पत्रास अधिक वाटलें, आणि तें रास्तच होतें.

पुढच्याच वर्षीं तिरंगी सामने सुरू झाले. १९१२ सालीं मुसलमानांचा संघ येऊन ते चौरंगी बनले. बाळूनें १९११ च्या इंग्लंडच्या दौऱ्यांत शंभरांहून अधिक बळी घेतले, तरी हिंदूंचें कर्णधारपद त्याला कधींच मिळालें नाहीं. तें पद अखेर १९२३ सालीं त्याच्या धाकट्या भावाकडे, विठ्ठलकडे आलें.