कुरणशाळा : एका शिक्षणप्रयोगाचा इतिहास आणि मराठवाडा

देहाच्या हालचालींतून बुद्धी घडते, हे तत्त्व मारिया माँटेसोरी यांनी १९०७ साली रोम येथे उघडलेल्या बालगृहाने जगापुढे मांडले. आखलेल्या रेषेवरून तोल सावरीत चालणे, निःशब्द बसून दूरचे ध्वनी ऐकणे, अशा क्रियांनी बालकाचे अवधान स्थिर होते, ही त्यामागील धारणा होय. गिजुभाई बधेका यांनी १९२० साली भावनगर येथे बालमंदिर स्थापून ही पद्धती भारतीय जीवनात रुजविली. ताराबाई मोडक तेथेच या कार्यात आल्या व १९२६ साली नूतन बालशिक्षण संघ अस्तित्वात आला.

तथापि या पद्धतीची साधने खर्चिक होती आणि ती मुख्यतः नगरांतील सुस्थित कुटुंबांपर्यंतच पोचली. खेड्यातील दरिद्री बालकास तिचा लाभ कसा व्हावा, या प्रश्नातून १९४५ साली बोर्डी येथे ग्राम बाल शिक्षा केंद्र निघाले. ताराबाईंसमवेत अनुताई वाघ होत्या. विकत आणावयाच्या साधनांची जागा येथे शंखशिंपले, बिया, पाने व खडे यांनी घेतली. मुले शाळेत येत नाहीत, तेव्हा शाळाच त्यांच्या अंगणात नेण्यात आली. अंगणवाडी ही संज्ञा या प्रयोगातून रूढ झाली.

१९५६-५७च्या सुमारास केंद्र कोसबाडच्या टेकडीवर गेले. तेथील वारली मुले गुरे राखीत. गुरे सोडून वर्गात बसणे म्हणजे घरच्या मिळकतीस मुकणे होते. म्हणून शिक्षण कुरणावर गेले, हीच कुरणशाळा. रानात वावरणाऱ्या मुलाचे पाय, हात व डोळे आधीच शिकलेले असतात. त्या शिक्षणास अक्षर व अंक यांची जोड देणे, हे या शाळेचे कार्य होते. कोसबाडला हालचाल शिकवावी लागली नाही. तिला शिक्षण म्हणून मान्यता द्यावी लागली. या प्रयोगाचे खरे महत्त्व येथेच आहे.

मराठवाड्याची वाटचाल निराळी होती. निझामी राजवटीत माध्यमिक व उच्च शिक्षणाचे माध्यम उर्दू होते. १७ सप्टेंबर १९४८ नंतर मातृभाषेतील शिक्षणाचा मार्ग मोकळा झाला आणि १ नोव्हेंबर १९५६ रोजी हा प्रदेश मुंबई राज्यात समाविष्ट झाला. त्यामुळे शाळा गावोगाव पोचविणे हेच येथील पहिले कार्य ठरले. पुढे २ ऑक्टोबर १९७५ रोजी सुरू झालेल्या एकात्मिक बालविकास योजनेने अंगणवाडी नांदेड व लातूर जिल्ह्यांतही आणली. परंतु नाव आले, तरी कुरणशाळेचा विचार त्याच्यासोबत आलाच असे नव्हे. या जिल्ह्यांतील कित्येक कुटुंबे ऊसतोडीसाठी दरवर्षी स्थलांतर करतात. त्यांच्या मुलांसाठी निघालेल्या साखरशाळा स्थळाच्या दृष्टीने कुरणशाळेच्या वारसदार होत. तळावर वावरणारे मूल मोळी बांधणे, बैलांची निगा राखणे, धाकट्या भावंडास सांभाळणे हे जे अंगाने शिकते, त्यास पाठात स्थान मिळाले, तरच हा वारसा पूर्ण होईल. एरवी वर्गखोलीचे केवळ स्थलांतर घडेल.