लेखी कैफियतीची मुदतवाढ

दिवाणी दाव्यातील वादपत्राला प्रतिवादीने दिलेले लेखी उत्तर म्हणजे लेखी कैफियत होय. ती दाखल करण्यासाठी दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ मधील आदेश ८, नियम १ अन्वये समन्स बजावल्यापासून ३० दिवसांची मुदत असते. न्यायालय कारणे नोंदवून ही मुदत ९० दिवसांपर्यंत वाढवू शकते. ९० दिवसांनंतर कैफियत स्वीकारता येते किंवा नाही, या प्रश्नाचे उत्तर दावा साधा आहे की व्यापारी, यावर अवलंबून असते. साध्या दाव्यात अपवाद म्हणून ती स्वीकारता येते. व्यापारी दाव्यात १२० दिवसांनंतर मुळीच नाही.

'कैफियत' हा अरबी शब्द फारसीमार्गे मराठीत आला. मराठेशाहीच्या कागदपत्रांत वतनदार घराण्याने आपल्या हक्काविषयी सरकारदरबारी सादर केलेल्या हकिकतीलाही कैफियत म्हणत. आजच्या न्यायालयीन अर्थाशी हा जुना अर्थ चांगला जुळतो. मराठवाड्यात निजामी अमलात न्यायालयांची भाषा उर्दू होती आणि त्या भाषेत या कागदाला 'जवाबदावा' म्हणत. १९०८ ची संहिता हैदराबाद राज्याला १ एप्रिल १९५१ पासून लागू झाली.

== मुदतीचा इतिहास ==

मूळ संहितेत दिवसांची मर्यादा नव्हती. पहिल्या सुनावणीस किंवा न्यायालय देईल त्या मुदतीत कैफियत द्यावी, एवढेच बंधन होते. तारखेमागून तारीख मागण्याची प्रथा यातूनच बळावली. १९९९ च्या सुधारणा अधिनियमाने ३० दिवसांची मर्यादा घातली व तिच्यापलीकडे वाव ठेवला नाही. वकीलवर्गाने देशभर तीव्र विरोध केला. २००२ च्या अधिनियमाने ९० दिवसांपर्यंत मुदतवाढीची सवलत दिली आणि दोन्ही सुधारणा १ जुलै २००२ पासून एकत्र अमलात आल्या.

नियमाची शब्दरचना निषेधात्मक असली, तरी ९० दिवस उलटल्यावर काय होते हे त्यात सांगितलेले नाही. सर्वोच्च न्यायालयाने कैलाश विरुद्ध नन्हकू (६ एप्रिल २००५) या खटल्यात याच गोष्टीवर भर दिला. हा नियम प्रक्रियेचा भाग असून निर्देशात्मक आहे, अनिवार्य नाही, असा निर्णय झाला. मात्र मुदतवाढ मागितली म्हणून मिळणार नाही, कारणे लेखी नोंदवावी लागतील आणि खर्चाची अट घालता येईल, असेही बजावले. सेलम अ‍ॅडव्होकेट बार असोसिएशन विरुद्ध भारत सरकार (२ ऑगस्ट २००५) या निकालाने ही भूमिका कायम केली व ९० दिवसांनंतरची मुदतवाढ केवळ असाधारण अडचणीच्या प्रकरणांपुरती ठेवली.

या दोन निकालांतील पहिले वाक्य वकील आवर्जून वाचून दाखवतात, दुसरे सहसा विसरतात. त्याची आठवण अ‍ॅटकॉम टेक्नॉलॉजीज विरुद्ध वाय. ए. चुनावाला अँड कंपनी (७ मे २०१८) या मुंबईतील वसुलीच्या दाव्यात करून दिली गेली. तेथे पाच वर्षांहून अधिक उशिरा आलेली कैफियत उच्च न्यायालयाने स्वीकारली होती. सर्वोच्च न्यायालयाने तो आदेश रद्द केला. ९० दिवसांनंतर येणाऱ्या प्रतिवादीवर उशिराचे समाधानकारक कारण दाखवण्याचा भार अधिक असतो, असे त्यात म्हटले आहे.

मुंबई उच्च न्यायालयाच्या मूळ शाखेची स्थिती वेगळी आहे. इरिडियम इंडिया टेलिकॉम विरुद्ध मोटोरोला (५ जानेवारी २००५) या निकालानुसार तेथील साध्या दाव्यांना सुधारित नियम १ लागू होत नाही. त्या शाखेचे स्वतःचे नियम चालतात. छत्रपती संभाजीनगर, जालना किंवा बीड येथील दिवाणी न्यायालयांत मात्र संहितेचाच नियम लागतो.

== 'नो डब्ल्यू. एस.' आदेश ==

मुदतीत कैफियत आली नाही, तर महाराष्ट्रातील न्यायालये दावा कैफियतीविना पुढे चालवण्याचा आदेश करतात. वकिलांच्या बोलीत याला 'नो डब्ल्यू. एस.' आदेश म्हणतात. त्यामुळे दावा लगेच मंजूर होतो, हा समज चुकीचा आहे. नियम ५ व नियम १० अन्वये न्यायालय वादीला पुरावा देण्यास सांगू शकते. बलराज तनेजा विरुद्ध सुनील मदान (१९९९) या निकालाने तर कैफियत नाही म्हणून डोळे मिटून हुकूमनामा करू नये, असे स्पष्ट केले. प्रतिवादी वादीच्या साक्षीदारांची उलटतपासणी घेऊ शकतो, कायद्याचे मुद्दे मांडू शकतो. स्वतःची बाजू मांडून तिचा पुरावा देण्याची संधी मात्र तो गमावतो. शेतजमिनीच्या वाटपाच्या दाव्यात हे नुकसान फार मोठे ठरते. जमीन वडिलोपार्जित नसून स्वकष्टार्जित आहे, किंवा वाटणी पूर्वीच झाली आहे, हे सांगायचे ते कैफियतीतच.

आदेश झाल्यावर प्रतिवादी तो रद्द करून कैफियत दप्तरी घेण्याची विनंती करणारा अर्ज देतो. सोबत शपथपत्र आणि कैफियतीची तयार प्रत जोडलेली असावी. नुसताच मुदतीचा अर्ज सहसा टिकत नाही. आजारपणाची कागदपत्रे, समन्ससोबत वादपत्राची प्रत न मिळणे, घरातील मृत्यू अशी कारणे तपासली जातात. 'वकिलांशी संपर्क झाला नाही' एवढे विधान पुरत नाही. मुदत समन्स बजावल्याच्या दिवसापासून मोजतात, वकीलपत्र दाखल झाल्यापासून नव्हे. वादपत्र फेटाळण्याचा अर्ज दिल्यानेही ती आपोआप थांबत नाही.

अर्ज नामंजूर झाल्यास अपील होत नाही, आणि २००२ पासून पुनरीक्षणाचा मार्गही अशा आदेशांना जवळजवळ बंद आहे. उरते ती राज्यघटनेच्या अनुच्छेद २२७ खालील रिट याचिका. मराठवाड्यातील आठ जिल्हे तसेच अहिल्यानगर, जळगाव, धुळे व नंदुरबार येथील पक्षकार ती मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठात दाखल करतात. हे खंडपीठ २७ ऑगस्ट १९८१ रोजी सुरू झाले. त्यापूर्वी अशा कामासाठी मुंबई गाठावी लागे. याचिका मंजूर करताना बहुधा वादीला खर्च देण्याची अट घातली जाते. खर्चाने वादीचा गेलेला काळ भरून येत नाही, ही तक्रार रास्त आहे. म्हणूनच उशीर जितका मोठा, तितके कारण सबळ असावे लागते.

== व्यापारी व ग्राहक प्रकरणे ==

वाणिज्यिक न्यायालये अधिनियम, २०१५ ने व्यापारी दाव्यांसाठी नियम १ बदलला. १२० दिवस उलटल्यावर कैफियतीचा हक्क नष्ट होतो आणि न्यायालय ती दप्तरी घेऊ शकत नाही, असे शब्द त्यात आहेत. एससीजी कॉन्ट्रॅक्ट्स विरुद्ध के. एस. चामणकर इन्फ्रास्ट्रक्चर (१२ फेब्रुवारी २०१९) या निकालानुसार ही मर्यादा अनिवार्य असून अंगभूत अधिकारांचा आधार घेऊनही ती ओलांडता येत नाही. २०१८ मध्ये व्यापारी वादाची किमान किंमत एक कोटीवरून तीन लाख रुपयांवर आणल्याने लहान व्यापारी व पुरवठादारही या कठोर नियमाखाली आले. साध्या दाव्यांत जुनी लवचीकता कायम असल्याचे देश राज विरुद्ध बाळकिशन (२०२०) या निकालात स्पष्ट झाले.

ग्राहक तक्रारींत उत्तरासाठी ३० व अधिक १५, असे एकूण ४५ दिवसच मिळतात. न्यू इंडिया अ‍ॅश्युरन्स विरुद्ध हिली मल्टिपर्पज कोल्ड स्टोरेज (४ मार्च २०२०) या प्रकरणी घटनापीठाने तसा निर्णय दिला. त्याच महिन्यात करोनाची साथ पसरली. सर्वोच्च न्यायालयाने १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा काळ मुदतींच्या गणनेतून वगळला, आणि व्यापारी दाव्यांतील १२० दिवसांनाही ही सूट लागू असल्याचे २०२२ मध्ये प्रकाश कॉर्पोरेट्स विरुद्ध डी व्ही प्रोजेक्ट्स या निकालात ठरले.