भाडे नव्हे, अनुज्ञप्ती शुल्क

वडिलांच्या जुन्या वेतनचिठ्ठ्या चाळताना एका कपातीपाशी थांबलो. सरकारी क्वार्टरचे दरमहा कापले जाणारे पैसे आम्ही घरात 'भाडे' म्हणत असू. कागदावर मात्र शब्द होता 'अनुज्ञप्ती शुल्क'. निवृत्त सरकारी नोकराच्या घराचा प्रश्न या दोन शब्दांमधल्या अंतरात दडला आहे.

भाडेकरूला कायद्याने जागेत हितसंबंध मिळतो, तर अनुज्ञप्तीधारकाला केवळ राहण्याची परवानगी असते. पद संपले की ती परवानगीही संपते. सवलतीची मुदत उलटली, की कालचा कर्मचारी 'अनधिकृत रहिवासी' ठरतो. त्याला बाहेर काढण्यासाठी मुंबई राज्याने १९५५ साली, तर केंद्राने १९७१ साली कायदा केला.

हे अंतर सर्वांत स्पष्ट दिसते ते मुंबईच्या बीडीडी चाळींत. गव्हर्नर जॉर्ज लॉईड यांच्या कारकिर्दीत १९२० साली मुंबई विकास विभाग स्थापन झाला. त्याने वरळी, नायगाव, शिवडी आणि डिलाईल रोड येथे कामगारांसाठी १६० चौरस फुटांच्या खोल्या बांधल्या. पुढे त्यांतल्या काही पोलिसांकडे सेवानिवासस्थान म्हणून गेल्या. एका खोलीत भाडेकरू, शेजारच्या खोलीत हवालदार. नळ एक, संडास एक, गणपतीही एकच. फरक फक्त कागदावर.

पुनर्विकास आला आणि तो कागद बोलू लागला. भाडेकरूला ५०० चौरस फुटांचे घर विनामूल्य मिळणार होते. हवालदाराच्या कुटुंबाचा मात्र नियमाने हक्कच नव्हता. अखेर २०२२ साली, ठरावीक तारखेपूर्वीपासून राहणाऱ्या पोलीस कुटुंबांना मालकीचे घर देण्याचे ठरले. किंमत आधी ५० लाख, मग २५ आणि शेवटी १५ लाख रुपये झाली.

त्याच्या आदल्याच वर्षी, ऑगस्ट २०२१ मध्ये, सर्वोच्च न्यायालयाने काश्मीरमधून विस्थापित झालेल्या एका निवृत्त अधिकाऱ्याविरुद्ध निकाल दिला होता. निवाऱ्याचा हक्क म्हणजे सरकारी घराचा हक्क नव्हे. ही घरे सेवेत असलेल्यांसाठी आहेत, असे न्यायालयाने म्हटले.

मला हा निकाल तर्काला धरून वाटतो. अडलेल्या प्रत्येक खोलीमागे प्रतीक्षायादीतला एक तरुण शिपाई असतो. पण मग बीडीडीतल्या पोलिसांना मिळाले ते काय? माझ्या मते ती सवलत होती, हक्क नव्हे. ते एकत्र होते, संख्येने मोठे होते आणि त्यांच्या पायाखालची जमीन मोलाची होती. तालुक्याच्या गावी एकट्या क्वार्टरात राहणाऱ्या कारकुनाकडे यातले काहीच नसते. सवलत आवाजाला मिळते. हक्क गप्प बसणाऱ्यालाही मिळायला हवा. म्हणून प्रश्न निवृत्तीच्या दिवशी सोडवून चालणार नाही. नोकरीच्या तीस वर्षांत स्वतःचे घर उभे करता येईल अशी सोय हवी.

वडिलांनी मुदतीच्या आत किल्ली परत केली. तिची पोच त्यांनी वेतनचिठ्ठ्यांसोबतच जपून ठेवली होती.